धडक न देता पळालेली गाडी: ‘हिट अँड रन’ आणि अनइन्शुअर्ड मोटरिस्ट विमा

कृष्णातीर (मूळ धागा)

नमस्कार. आम्ही कॅलिफोर्नियात फ्रीमॉन्टला राहतो. गेल्या महिन्यातल्या एका अपघातामुळे मोटारविम्यातल्या ‘हिट अँड रन’ या शब्दाशी आमची गाठ पडली आहे. वर्तमानपत्रात रोज वाचून तो आपल्याला कळतो असे मी समजत होते, पण विमा कंपनीचे पत्र आल्यावर तो मुळीच कळत नाही हे लक्षात आले.

संध्याकाळी सातच्या सुमारास आम्ही ८८० क्रमांकाच्या महामार्गावरून घरी परतत होतो. यजमान गाडी चालवत होते, मी शेजारी बसले होते आणि सांगलीहून चार महिन्यांसाठी आलेल्या सासूबाई मागे पट्टा लावून बसल्या होत्या. उजवीकडच्या लेनमधली एक पांढरी पिकअप इंडिकेटर न देता सरळ आमच्या पुढ्यात घुसली. यजमानांनी स्टिअरिंग डावीकडे घेतले आणि गाडी दुभाजकाच्या काँक्रीटच्या कठड्याला घासत जाऊन थांबली. पिकअपचा वेग क्षणभर कमी झाला, तिचे ब्रेकचे दिवे मला स्पष्ट दिसले आणि मग ती निघून गेली. सासूबाईंचे उजवे मनगट दोन ठिकाणी मोडले. रुग्णालयात पोहोचेपर्यंत हात इतका सुजला होता की लग्नात त्यांच्या आईने घातलेली सोन्याची पाटली परिचारिकेला छोट्या कटरने कापावी लागली. मोडलेल्या हाडापेक्षा त्या पाटलीसाठीच सासूबाईंच्या डोळ्यांत पाणी आले.

आमच्या पॉलिसीत अनइन्शुअर्ड मोटरिस्टचे संरक्षण आहे. अपघाताला जबाबदार असलेल्या चालकाकडे विमा नसेल किंवा तो पळून गेला असेल, तर आपलीच कंपनी त्याच्या जागी उभी राहून आपल्याला भरपाई देते, असे एजंटने पॉलिसी घेताना सांगितले होते. त्याप्रमाणे आम्ही सासूबाईंच्या दुखापतीचा दावा केला. तीन आठवड्यांनी नकाराचे पत्र आले आणि त्यात कारण दिले होते की अज्ञात वाहनाचा आमच्या गाडीशी प्रत्यक्ष स्पर्श झालेला नाही. समोरच्याने अपघात घडवला, काय झाले ते पाहिले आणि तो पळाला. याला हिट अँड रन म्हणायचे नाही, तर मग कशाला म्हणायचे? या क्षेत्रातल्या कोणी समजावून सांगितले तर आभारी राहीन.

पायवाट

मी कॅलिफोर्नियात अकरा वर्षे क्लेम अ‍ॅडजस्टर म्हणून, म्हणजे विम्याचे दावे तपासणारा म्हणून काम केले आहे, त्यामुळे अशी नकारपत्रे मीही लिहिली आहेत, हे आधीच सांगून टाकतो. सासूबाईंना लवकर आराम पडो.

तुमचा गोंधळ होतो आहे, कारण हा एकच शब्द दोन कायद्यांत दोन निरनिराळ्या प्रश्नांची उत्तरे देतो. फौजदारी बाजूला व्हेईकल कोडची कलमे २०००१ आणि २०००२ आहेत. पहिले कलम इजा किंवा मृत्यू झालेल्या अपघातांसाठी आहे आणि दुसरे केवळ मालमत्तेच्या नुकसानीसाठी. तिथे अपघाताशी ज्याचा संबंध आला तो चालक थांबला का, त्याने नाव, पत्ता दिला का, जखमींना मदत केली का, एवढेच पाहिले जाते. ‘संबंध आला’ हे शब्द तिथे व्यापक अर्थाने घेतले जातात, म्हणजे स्वतःची गाडी कोणाला लागली नाही तरी चालक त्या कलमाच्या कक्षेत येऊ शकतो. आपल्यामुळे अपघात झाल्याची त्याला जाणीव होती हे मात्र सिद्ध व्हावे लागते, आणि तिथे तुम्ही पाहिलेले ब्रेकचे दिवे महत्त्वाचे ठरतात.

विम्याची बाजू इन्शुरन्स कोडच्या ११५८०.२ या कलमात आहे आणि तिथे चालकाच्या वर्तनाला फारसे महत्त्व नाही. तिथला प्रश्न इतकाच की नुकसान करणाऱ्या वाहनाचा मालक किंवा चालक कोण हे कळू शकत नाही का. कळू शकत नसेल तर ते वाहन विमा नसलेले आहे असे धरायचे, पण त्यासाठी तीन अटी आहेत. दुखापत त्या वाहनाच्या तुमच्याशी किंवा तुम्ही बसलेल्या गाडीशी झालेल्या प्रत्यक्ष स्पर्शातून झालेली असली पाहिजे. अपघाताची खबर २४ तासांच्या आत शहर पोलिसांना, किंवा जागा शहराच्या हद्दीबाहेरची असल्यास शेरीफला अथवा हायवे पेट्रोलच्या स्थानिक कचेरीला दिलेली असली पाहिजे. आणि त्यानंतर ३० दिवसांत कंपनीकडे शपथेवरचे निवेदन दाखल झालेले असले पाहिजे, ज्यात अज्ञात व्यक्तीवर तुमचा भरपाईचा हक्क कसा पोहोचतो ते लिहिलेले असते. तिसरी अट बहुतेकांना ठाऊकच नसते. अ‍ॅडजस्टरला फोनवर सगळे सांगितले म्हणजे झाले, अशी लोकांची समजूत असते, तेव्हा हे निवेदन तुम्ही दिले आहे का ते आजच तपासा.

थोडक्यात, तुमच्या बाबतीत ‘रन’ घडले आहे, ‘हिट’ घडलेले नाही. फौजदारी कायद्याला पहिले पुरते, विम्याला दुसरे लागते.

स्पर्शाची अट का घातली, हेही सांगतो, कारण ती निव्वळ खोडसाळपणाने घातलेली नाही. स्टिअरिंगवर डुलकी लागून कठड्यावर गाडी घातलेला प्रत्येक जण दुसऱ्या दिवशी ‘एक पांढरी गाडी आडवी आली’ असे म्हणू शकतो. त्या गाडीच्या रंगाचा ओरखडा आपल्या पत्र्यावर असेल तर निदान दुसरी गाडी होती एवढे तरी ठरते. मात्र ही चाळणी खोटारड्यांना जितकी अडवते तितकीच शेवटच्या क्षणी शिताफीने गाडी वळवणाऱ्यांनाही अडवते. तुमच्या यजमानांनी प्रतिक्षिप्त क्रियेने स्टिअरिंग वळवले नसते आणि पिकअपला गाडी लागू दिली असती, तर इजा कदाचित मोठी झाली असती, पण दावा मंजूर झाला असता. नोकरीत असताना मला हे बोलता येत नव्हते, आता बोलतो.

सिअ‍ॅटलकर

वॉशिंग्टन राज्यात हा प्रश्न वेगळ्या रीतीने सोडवला आहे. इथल्या कायद्यात ‘फँटम व्हेईकल’ अशी स्वतंत्र संज्ञा आहे, म्हणजे ज्याचा स्पर्श झाला नाही आणि ज्याचा मालकही ठाऊक नाही असे वाहन. त्याच्यामुळे झालेला अपघातही या संरक्षणात बसतो, फक्त घडलेल्या गोष्टीला तुमच्या स्वतःच्या जबानीपलीकडचा पुरावा लागतो आणि ७२ तासांत पोलिसांना खबर द्यावी लागते. मागच्या गाडीतल्या अनोळखी माणसाची साक्ष किंवा डॅशकॅमचे चित्रण पुरेसे ठरू शकते. भामट्यांना रोखायचे तर रंगाच्या ओरखड्यापेक्षा साक्षीदार कधीही बरा, असे माझे मत आहे. कृष्णातीर, तुमच्या मागून कोणी येत नव्हते का?

बायूकाठ

आम्ही ह्यूस्टनला असतो आणि टेक्सासमध्ये स्पर्शाची अट कॅलिफोर्नियाइतकीच कडक आहे. चालक अज्ञात असेल तर ‘प्रत्यक्ष शारीरिक स्पर्श’ हवा असे कायद्यातच लिहिले आहे. किती कडक, त्याचे एक उदाहरण देतो. एका मालट्रकचा आस दोन चाकांसह निखळला, दुभाजक ओलांडून समोरून येणाऱ्या कुटुंबाच्या गाडीवर आदळला आणि ट्रक तसाच निघून गेला. टेक्सासच्या सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली निर्णय दिला की निखळलेला आस म्हणजे मोटार वाहन नव्हे, म्हणून वाहनाचा स्पर्श झाला असे म्हणता येत नाही. त्याच न्यायालयाने १९९५ साली, रस्त्यावर पडलेल्या सामानामुळे गाड्या एकमेकींवर आदळल्या त्या प्रकरणातही असाच निकाल दिला होता. ट्रकचे चाक हा ट्रकचाच भाग आहे, हे शाळकरी मुलालाही समजते. पण ते पटवण्यासाठी त्या कुटुंबाला सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावे लागले आणि तिथेही ते पटले नाही.

पायवाट

बायूकाठ, कॅलिफोर्नियात निदान एका बाबतीत दार किलकिले आहे. अज्ञात गाडीने दुसऱ्या गाडीला ठोकले आणि ती दुसरी गाडी ढकलली जाऊन तुमच्यावर आली, तर तो अज्ञात गाडीचाच स्पर्श मानावा, असे इथल्या अपील न्यायालयाने १९६५ सालीच म्हटले आहे. धक्का मधल्या गाडीतून आला तरी बळ पहिल्या गाडीचेच, असा तो युक्तिवाद आहे. कृष्णातीर, तुमच्या दुभाजकाला मात्र पिकअपने ढकललेले नाही, त्यामुळे त्याचा इथे उपयोग नाही.

उपयोगी पडू शकेल अशी गोष्ट दुसरीच आहे आणि ती मी आधीच्या प्रतिसादात लिहायला हवी होती. स्पर्शाची अट फक्त मालक आणि चालक अज्ञात असतील तेव्हाच लागू होते. पिकअपचा मालक सापडला आणि त्याच्याकडे विमा नाही असे निघाले, तर ती सरळ विमा नसलेली गाडी ठरते आणि मग स्पर्श झाला की नाही याला महत्त्व उरत नाही. त्याची चूक सिद्ध झाली की पुरे. त्याच्याकडे विमा असेल तर दावा त्याच्या कंपनीवर होईल. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून किमान विमा एका व्यक्तीच्या दुखापतीसाठी ३०,००० डॉलर आणि एका अपघातासाठी ६०,००० डॉलर झाला आहे. पूर्वी तो १५,००० आणि ३०,००० होता. मनगटाची शस्त्रक्रिया झाली असेल तर इथल्या बिलांपुढे ३०,००० फार नाहीत. त्याच्या विम्याची मर्यादा तुमच्या यूएमच्या (अनइन्शुअर्ड मोटरिस्ट संरक्षणाच्या) मर्यादेपेक्षा कमी असेल, तर मधला फरक तुमची कंपनी देऊ शकते.

म्हणजे आता ‘हिट’चा अर्थ लावत बसण्यापेक्षा नंबरप्लेट शोधणे जास्त फलदायी आहे. हायवे पेट्रोल घटनास्थळी आले होते का?

कृष्णातीर

हो, मीच ९११ वर फोन केला होता आणि वीसएक मिनिटांत हायवे पेट्रोलचा अधिकारी आला. त्यामुळे २४ तासांची अट पूर्ण झाली असे धरते. शपथेवरचे निवेदन मात्र आम्ही दिलेले नाही; कंपनीने मागितले नाही आणि आम्हाला ठाऊक नव्हते. अहवालाची प्रत आम्ही अजून मागवलेली नाही, ती आज मागवते. आमच्या गाडीत डॅशकॅम नाही. मागे एक निळी गाडी थांबली होती आणि तिचा चालक अधिकाऱ्याशी बोलत होता एवढे आठवते, पण माझे सगळे लक्ष सासूबाईंकडे होते.

तांबडी माती

विषय निघालाच आहे तर माझाही अनुभव विचारार्थ ठेवते. सॅन होजेमधल्या एका किराणा दुकानाच्या वाहनतळावर मागे येणाऱ्या गाडीचा मला चालताना धक्का लागला आणि मी पडले. चालक बाई खाली उतरल्या, दहा वेळा क्षमा मागितली, मला बाकावर बसवले, पाणी आणून दिले, आणि एका कागदावर नाव व फोन नंबर लिहून दिला. मीही फार लागले नाही असे समजून घरी आले. तीन दिवसांनी गुडघ्याचा अस्थिबंध फाटल्याचे निदान झाले. त्या नंबरवर फोन केला तर तो भलत्याच माणसाचा निघाला. धडक झाली, पण बाई पळाल्या नाहीत. मग हे हिट अँड रन आहे की नाही?

पायवाट

ताई, तुमचे प्रकरण कृष्णातीर यांच्या बरोबर उलट आहे. तुमच्याकडे ‘हिट’ आहे आणि ‘रन’ सभ्यपणे झालेले आहे. पण कॅलिफोर्नियाच्या विमा कायद्यात पळून जाण्याची अट मुळात नाही. ओळख पटू न शकणे ही अट आहे. कोणी थांबून खोटी ओळख दिली तर ओळख पटत नाहीच, त्यामुळे तत्त्वतः तुमचे प्रकरण त्यात बसू शकते. पायी चालत असतानाही पॉलिसीधारकाला हे संरक्षण असते, हे अनेकांना ठाऊक नसते.

तुमची खरी अडचण २४ तासांची आहे. तुम्ही पोलिसांना कळवलेच नाही, कारण कळवण्यासारखे काही वाटले नाही. शिवाय कंपनी विचारेल की गाडी समोर उभी असताना तुम्ही नंबरप्लेट का टिपली नाही, आणि ओळख पटू शकत होती पण तुम्हीच पटवली नाही, असे म्हणेल. चालक थांबला असताना जखमीने माहिती घेतली नाही तर काय, यावर निरनिराळ्या राज्यांच्या न्यायालयांनी वेगवेगळी मते दिली आहेत. वकिलाला भेटाच. आणि दुकानाच्या कॅमेऱ्याचे चित्रण जपून ठेवावे असे पत्र दुकानाला आजच द्या. ते किती दिवसांनी पुसले जाईल याचा नेम नसतो.

गोदाघाट

मी नाशिकला मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे काम करतो. आपल्याकडे ‘हिट अँड रन’ची कायदेशीर व्याख्या काय, असे विचारले तर बहुतेक सुशिक्षित लोक चालक पळून जाण्याबद्दलच बोलतात. मोटार वाहन कायद्याच्या कलम १४५ मधली व्याख्या मात्र वेगळे सांगते: वाजवी प्रयत्न करूनही ज्याची ओळख पटू शकली नाही अशा मोटार वाहनाच्या वापरातून उद्भवलेला अपघात. पळण्याचा उल्लेख नाही, स्पर्शाचाही नाही. चालक पळाला, पण सीसीटीव्हीत नंबर आला, तर तो हिट अँड रन राहत नाही. वर्तमानपत्राने काहीही छापले तरी तो साधा दावा होतो आणि त्यात भरपाईला ठरावीक कमाल मर्यादा नसते. ‘अज्ञात वाहनाच्या धडकेत ठार’ या रोजच्या मथळ्यातला पहिला शब्द कायद्याच्या दृष्टीने मोलाचा आहे.

वाहन शेवटपर्यंत अज्ञात राहिले तर कलम १६१ आणि २०२२ ची योजना लागू होते. १ एप्रिल २०२२ पासून मृत्यूसाठी दोन लाख आणि गंभीर इजेसाठी पन्नास हजार रुपये मिळतात. त्याआधी हे आकडे पंचवीस हजार आणि साडेबारा हजार होते. अर्ज तालुक्याच्या चौकशी अधिकाऱ्याकडे, म्हणजे सहसा प्रांत किंवा तहसीलदारांकडे जातो आणि मंजुरी जिल्हाधिकारी देतात. नंतर वाहन सापडले आणि नियमित भरपाई मिळाली, तर ही रक्कम त्यातून परत करावी लागते.

अमेरिकेशी तुलना करताना एक मूलभूत फरक लक्षात ठेवावा. तिकडे अज्ञात चालकाची जागा आपली स्वतःची विमा कंपनी घेते आणि भरपाई आपल्या नुकसानीप्रमाणे व आपण घेतलेल्या मर्यादेपर्यंत मिळते. इकडे ती सरकारने उभारलेल्या निधीतून मिळते आणि मजूर असो वा डॉक्टर, आकडा तोच राहतो. तिकडच्या यूएमसारखे स्वतंत्र कलम आपल्या मोटार पॉलिसीत नाही. मालक-चालकासाठी पंधरा लाखांचे वैयक्तिक अपघात संरक्षण सक्तीचे आहे, पण ते मृत्यू आणि कायमच्या अपंगत्वापुरते आहे.

योजना चांगली आहे, पण ती कोणाला ठाऊकच नसते. माझ्याकडे आलेल्या एका ऊसतोड कामगाराच्या पत्नीला पोलीस ठाण्यातून ‘अ समरी’ झाल्याचे, म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडला नाही एवढेच सांगण्यात आले होते. तो कागद म्हणजे सगळे संपल्याचा शेरा आहे असे समजून तिने तो ट्रंकेत ठेवून दिला होता. वास्तविक तोच कागद वाजवी प्रयत्न होऊनही वाहन सापडले नाही याचा तिच्याकडचा उत्तम पुरावा होता. एका महिन्यात वाहनाचा तपास लागला नाही तर पोलिसांनी जखमीला किंवा वारसांना या योजनेची लेखी माहिती द्यावी, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये दिला, त्यामागची परिस्थिती हीच आहे.

फौजदारी बाजू वेगळी आहे. चालकाने थांबून वैद्यकीय मदत द्यावी, असे कलम १३४ सांगते. भारतीय न्याय संहितेच्या कलम १०६(२) मध्ये बेदरकारपणे गाडी चालवून मृत्यू घडवून पोलिसांना न कळवता पळून जाणाऱ्याला दहा वर्षांपर्यंत कैद आहे, पण जानेवारी २०२४ मधल्या ट्रकचालकांच्या आंदोलनानंतर, १ जुलै २०२४ ला संहिता लागू करताना तेवढे एक पोटकलम बाजूला ठेवले गेले.

कृष्णातीर

गोदाघाट, फार उद्‌बोधक माहिती. पायवाटदादा, आणखी एक शंका आहे. सासूबाई पाहुण्या म्हणून आलेल्या आहेत, त्यांचे नाव पॉलिसीत नाही. उद्या मालक सापडला, तरी कंपनी ‘या तुमच्या विमाधारक नाहीत’ म्हणून हात वर करील का?

पायवाट

त्या तुमच्या गाडीत बसल्या होत्या, त्यामुळे करणार नाही. विमा उतरवलेल्या गाडीत बसलेला, चढणारा किंवा उतरणारा कोणीही माणूस या कलमाखाली विमाधारक असतो. अडचण आली असती ती त्या संध्याकाळी फिरायला गेल्या असताना कोणी ठोकले असते तर. पायी असताना तुम्हाला, तुमच्या यजमानांना आणि एकाच घरात राहणाऱ्या नातेवाइकांना संरक्षण आहे, आणि चार महिन्यांसाठी आलेली आई ‘घरात राहणारी’ की ‘पाहुणी’ यावर कंपनी नक्की वाद घालील. आईवडिलांना बोलावणाऱ्या सगळ्यांनी हे लक्षात ठेवावे; प्रवासविमा कोणत्या रकमेचा घ्यायचा, ते ठरवताना याचा विचार करावा.

तुमच्या पॉलिसीत मेडिकल पेमेंट्सचे कलम आहे का तेही पाहा. ते ऐच्छिक असते, पण असेल तर चूक कोणाची आणि स्पर्श झाला की नाही हे न विचारता गाडीतल्या प्रवाशाचा औषधोपचार मर्यादेपर्यंत भरते. आणि मुदत विसरू नका. यूएमच्या दाव्यासाठी अपघातापासून दोन वर्षांत रीतसर लवादाची मागणी पोचपावतीच्या ‘सर्टिफाइड मेल’ने करावी लागते. अ‍ॅडजस्टर गोड बोलत राहिला म्हणून ही मुदत थांबत नाही.

लेकसाइड

हा धागा वाचून आमची पॉलिसी उघडली तर त्यात यूएम नाहीच. एजंटला विचारले, तेव्हा त्याने २०१६ साली माझ्या यजमानांनी सही केलेला नकाराचा अर्ज पाठवला. सत्तर डॉलर वाचवण्यासाठी त्यांनी खूण केली होती आणि त्यांना ते आठवतही नाही. एकाने केलेली सही पॉलिसीतल्या सगळ्यांना लागू होते आणि दर नूतनीकरणाला पुन्हा विचारावे लागत नाही, असे एजंट म्हणतो. हे खरे आहे का?

पायवाट

खरे आहे. कॅलिफोर्नियात हे संरक्षण नको असेल तर तसे लेखी द्यावे लागते, पण एकदा दिले की ते पुढेही चालू राहते. आजच लेखी कळवून ते सुरू करून घ्या, आणि मर्यादा तुमच्या लायबिलिटीइतकी, म्हणजे दुसऱ्याच्या नुकसानभरपाईसाठी घेतलेल्या विम्याइतकी ठेवा.

कृष्णातीर

दहा दिवसांनी लिहिते आहे. हायवे पेट्रोलचा अहवाल मिळाला. निळ्या गाडीच्या चालकाची जबानी त्यात आहे. पिकअपवर शिड्या ठेवायची लोखंडी चौकट होती असे त्याने सांगितले आहे आणि नंबरमधली चार अक्षरेही दिली आहेत. तपास अधिकाऱ्याने त्यावरून शोध सुरू केला आहे. तोवर आम्ही शपथेवरचे निवेदन दाखल केले. तीस दिवस पूर्ण व्हायला दोनच दिवस उरले होते. नकाराचा फेरविचार मालकाचा शोध लागेपर्यंत खुला ठेवावा, असे पत्रही पोचपावतीने पाठवले.

सासूबाई विचारत आहेत की पाटलीचे पैसे कशातून मिळतील.

पायवाट

यूएममधून नाही. दुखापतीच्या भागात दागिना येत नाही, आणि मालमत्तेचा जो ऐच्छिक भाग कॅलिफोर्नियात मिळतो तो ३,५०० डॉलरपर्यंत फक्त गाडीपुरता असतो. त्यालाही स्पर्श आणि नंबर दोन्ही लागतात. पिकअपचा मालक सापडला तर मात्र त्याच्याकडून पाटलीची भरपाई मागता येईल. त्यासाठी कापलेले दोन्ही तुकडे जसेच्या तसे ठेवा, सांगलीच्या सराफाकडे जुनी पावती आहे का विचारा, आणि रुग्णालयाच्या नोंदीत पाटली कापल्याचा उल्लेख आहे याची खात्री करून घ्या. सासूबाईंना ती आत्ताच डाग देऊन जोडून घेऊ देऊ नका.